रीपरमध्ये सिंथ प्लगिन दिसत नाही, दिसला तर वाजत नाही, वाजला तर उशिरा वाजतो : सगळं एकदाच नीट लावून घेऊ

तू दादा म्हणून विचारलंस म्हणून मी पण सरळ अरे-तुरेवरच येतो. आधी तुझा प्रश्न माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे दुसऱ्या कोणाला हाच घोळ असेल तर त्यालाही कळेल. विंडोजचा लॅपटॉप, ८ जीबी रॅम, रीपर हे रेकॉर्डिंगचं सॉफ्टवेअर टाकलंय, ४९ पट्ट्यांचा यूएसबी मिडी कीबोर्ड घेतलाय (मिडी म्हणजे आवाज नव्हे, कुठली पट्टी कधी दाबली याचा निरोप). व्हायटल, डेक्स्ड आणि सर्ज एक्सटी हे तीन फुकटचे सिंथ, म्हणजे रीपरच्या आत चालणारे आवाज बनवायचे प्लगिन, उतरवलेस. व्हायटल यादीत दिसतच नाही, डेक्स्ड दिसतो पण आवाज नाही, सर्ज वाजतो पण पट्टी दाबल्यावर उशिरा आणि मधेमधे चरचर. ऐकतोस ब्लूटूथ हेडफोनवर. आणि हे सगळं कशासाठी, तर भजनी मंडळाचे अभंग रेकॉर्ड करायचेत, त्यात मागे भरीव पॅड (मागे लांब भरून राहणारा आवाज) आणि बासरीच्या अंगाचा एक लीड (पुढे चाल वाजवणारा आवाज) हवाय. तीन वेळा सगळं अनइन्स्टॉल करून परत टाकलंस, फरक शून्य.

पहिली गोष्ट, परत परत इन्स्टॉल करणं बंद कर. मी गेली वीसेक वर्षं हे काम करतोय आणि इन्स्टॉलर खराब निघाला असं फार क्वचित बघितलंय, बहुतेक वेळा सगळं जागेवर असतं आणि मधली एकच कडी सुटलेली असते. पट्टी दाबल्यापासून कानात आवाज येईपर्यंत रस्ता असा : कीबोर्ड, विंडोजचा मिडी ड्रायव्हर, रीपरचं मिडी इनपुट, ट्रॅक, सिंथ, ट्रॅकचा फेडर, मास्टर, ऑडिओ ड्रायव्हर, हेडफोन. पाण्याच्या पाइपलाइनसारखं समज, नळाला पाणी नसेल तर आख्खी लाइन उकरत नाहीत, मधला एक व्हॉल्व्ह उघडून बघतात की इथवर पाणी आलंय का. आपला मधला व्हॉल्व्ह म्हणजे सिंथच्या खिडकीत खाली दिसणारा चित्रातला कीबोर्ड. त्यावर माऊसने क्लिक कर. आवाज आला तर सिंथपासून पुढचं सगळं ठीक, घोळ अलीकडे मिडीत आहे, आणि आवाज नाही आला तर मिडीकडे बघूच नको, घोळ पुढे ऑडिओत आहे. एका क्लिकमध्ये अर्धी लाइन तपासून होते.

आता व्हायटल का दिसत नाही. तू लिहिलंयस की सी ड्राईव्ह भरत आला म्हणून व्हायटलची फाईल डी ड्राईव्हवर एका फोल्डरमध्ये हलवली. तिथेच झालं. व्हीएसटी ही प्लगिन बनवायची पद्धत स्टाइनबर्ग कंपनीने १९९६ साली आपल्या क्यूबेस या सॉफ्टवेअरसोबत आणली, १९९९ च्या दुसऱ्या आवृत्तीत त्यात सिंथसारखी वाद्यं चालायला लागली, आणि २००८ मध्ये व्हीएसटी३ आली. जुन्या व्हीएसटी२ मध्ये फाईल डीएलएल असायची आणि ती कुठेही ठेवली तरी चालायची, फक्त सॉफ्टवेअरला फोल्डर दाखवायचा, त्यामुळे प्रत्येकाच्या मशीनवर चार ठिकाणी चार फोल्डर असायचे. व्हीएसटी३ ला मात्र ठरलेली जागा आहे : सी ड्राईव्ह, त्यात प्रोग्राम फाईल्स, त्यात कॉमन फाईल्स, त्यात व्हीएसटी३. रीपर तिथे आपोआप शोधतो. फाईल परत तिथे आणून ठेव, सिंथची फाईल तशी लहानच असते, जागा खातात त्या सॅम्पल लायब्ररी, त्या खुशाल डी वर ठेव.

मग रीपरमध्ये कंट्रोल आणि पी दाबून प्रेफरन्सेस उघड, डावीकडे प्लग-इन्स खाली व्हीएसटी वर जा, तिथे री-स्कॅनचं बटण आहे, त्यात कॅश (आधीच्या स्कॅनची साठवलेली नोंद) क्लिअर करून पुन्हा स्कॅन करायचा पर्याय निवड. नुसतं स्कॅन नको, कॅश क्लिअर करूनच, कारण एखादा प्लगिन स्कॅन होताना अडकला तर रीपर ते लक्षात ठेवतो आणि पुढच्या वेळी त्याला हात लावत नाही, मग तू कितीही वेळा इन्स्टॉल कर, यादीत येत नाही. तुझ्या तीन इन्स्टॉलनंतरही काही हललं नाही त्याचं हेही एक कारण असू शकतं.

एक जोडून सांगतो, इंटरनेटवर जुने फुकट सिंथ भरपूर मिळतात, त्यातले बरेच ३२-बिटचे डीएलएल असतात. रीपर ते मधे पूल टाकून चालवतो, पण कित्येक नवी सॉफ्टवेअर त्यांना उभंही करत नाहीत, आणि स्टाइनबर्गने २०१८ मध्ये नवीन डेव्हलपरना व्हीएसटी२ चं लायसन्स देणं बंद केलं, म्हणजे ती वाट हळूहळू बुजत चालली आहे. निवड असेल तिथे ६४-बिट आणि व्हीएसटी३ घे. एकाच सिंथच्या दोन्ही आवृत्त्या टाकू नको, यादीत जोडीजोडीने नावं दिसतात आणि सहा महिन्यांनी कुठल्या प्रोजेक्टमध्ये कुठली वापरली ते आठवत नाही. आणि क्रॅक केलेले प्लगिन अजिबात नको. बनवणाऱ्याचे कष्ट आहेत हा मुद्दा आहेच, शिवाय ते स्कॅनमध्ये अडकतात, अपडेट होत नाहीत, व्हायरस घेऊन येतात, आणि तुझ्याकडे आत्ता जे तीन आहेत ते तिन्ही कायदेशीर फुकट आहेत आणि खरोखर उत्तम आहेत. सर्ज तर आधी विकत मिळायचा, २०१८ मध्ये त्याच्या निर्मात्याने सोर्स कोडच खुला केला आणि तेव्हापासून लोकांनी मिळून तो वाढवलाय.

मॅकवाल्यांसाठी दोन ओळी. लॉजिक आणि गॅरेजबँड ही मॅकवरची रेकॉर्डिंगची सॉफ्टवेअर फक्त ऑडिओ युनिट (एयू) या प्रकारचे प्लगिन घेतात, व्हीएसटी घेत नाहीत, त्यामुळे इन्स्टॉल करताना एयू वरची खूण काढू नका. प्रो टूल्स या सॉफ्टवेअरला एएएक्स प्रकारचे प्लगिन लागतात. आणि मॅकने प्लगिन अडवला तर सिस्टिम सेटिंग्जमध्ये प्रायव्हसी अँड सिक्युरिटीत खाली जाऊन परवानगी द्यावी लागते.

आता डेक्स्ड. तो दिसतोय म्हणजे स्कॅन झालाय. चित्रातल्या कीबोर्डवर क्लिक कर, वाजेल अशी माझी खात्री आहे. तसं असेल तर ट्रॅककडे ये. तू आधी ट्रॅक केलास आणि मग ट्रॅकच्या एफएक्स बटणात जाऊन डेक्स्ड टाकलास ना? रीपरचा साधा नवीन ट्रॅक ऑडिओ इनपुट धरून बसतो, म्हणजे माइकची वाट बघत असतो, तुझ्या कीबोर्डची नाही. ट्रॅकचं लाल बटण दाबून आर्म कर, म्हणजे रेकॉर्डिंगला तयार कर, इनपुटवर क्लिक करून मिडी निवड, त्यात ऑल मिडी इनपुट्स आणि ऑल चॅनल्स, आणि मॉनिटरिंग चालू कर. त्याहून सोपं म्हणजे वरच्या इन्सर्ट मेनूतून व्हर्च्युअल इन्स्ट्रुमेंट ऑन न्यू ट्रॅक घे, हे सगळं तोच लावून देतो. मी अजूनही तसंच करतो.

एवढं करून माऊसने वाजतं आणि पट्टीने नाही, तर प्रेफरन्सेसमध्ये मिडीच्या पानावर तुझा कीबोर्ड इनेबल आहे का ते बघ. आणि विंडोजवर एक जुनी गोची आहे, कित्येक मिडी ड्रायव्हर एका वेळी एकाच प्रोग्रामला कीबोर्ड देतात. तू लिहिलंयस की आधी सर्ज स्वतंत्र उघडून वाजवून बघत होतास. तो मागे उघडा राहिला असेल तर कीबोर्ड त्याने धरून ठेवलाय आणि रीपरला मिळत नाहीये. सगळं बंद कर, कीबोर्ड काढून परत लाव, मग फक्त रीपर उघड. तरी शंका असेल तर ऑल्ट आणि बी दाबलं की रीपरचा स्वतःचा व्हर्च्युअल कीबोर्ड येतो, त्याने वाजलं तर दोष नक्की तुझ्या कीबोर्डच्या बाजूला, बहुतेक वेळा यूएसबीची वायरच असते.

डेक्स्डबद्दल अजून एक, कारण याच्याकडे लोक नीट बघत नाहीत. तो यामाहाच्या १९८३ च्या डीएक्स७ या सिंथ कीबोर्डची नक्कल आहे, सहा ऑपरेटर (आवाज बनवणारे भाग), ते एकमेकांना जोडायच्या ३२ रीती, म्हणजे अल्गोरिदम. त्यात बटणं फिरवून आवाज बनवत बसलास तर महिना जाईल. कार्ट नावाचं बटण आहे, त्यातून एसवायएक्स फाईली उघडतात, एका फाईलमध्ये ३२ आवाज, आणि मूळ डीएक्स७ साठी बनवलेले आवाजच यात चालतात. घंटा, इलेक्ट्रिक पियानो, लाकडी टकटक असले आवाज यात फार गोड निघतात. अभंगाला मागे हलकी घंटेसारखी किणकिण द्यायची तर मी हाच उघडेन. बासरीसाठी मात्र हा नाही.

सर्जचा उशीर आणि चरचर, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि एकीचा इलाज केला की दुसरी वाढते, म्हणून नीट वाच. सगळ्यात आधी ते ब्लूटूथ हेडफोन बाजूला ठेव. ब्लूटूथमध्ये आवाज पॅक होऊन हवेतून जाऊन परत उलगडतो, त्यात शंभर-दोनशे मिलिसेकंद सहज जातात. गाणं ऐकताना कळत नाही कारण सगळंच सारखं मागे असतं, पण वाजवताना हात आधी आणि आवाज नंतर. यावर सॉफ्टवेअरमध्ये काहीही इलाज नाही. वायरवाला साधा हेडफोन लाव, तीनशे रुपयांचा असला तरी चालेल.

मग ऑडिओ ड्रायव्हर. प्रेफरन्सेसमध्ये ऑडिओ, त्यात डिव्हाइस. तिथे एएसआयओ निवडायचं, हा कमी उशीर लावणारा ड्रायव्हरचा प्रकार आहे. ऑडिओ इंटरफेस (बाहेरून जोडायचं साऊंडकार्ड) असेल तर त्याच्याच कंपनीचा एएसआयओ ड्रायव्हर, नसेल तर एएसआयओफॉरऑल नावाचा फुकट मिळतो तो टाक, लॅपटॉपच्या साध्या साऊंडकार्डवरही बऱ्यापैकी काम करतो. तो चालू असताना ब्राउझरमधला आवाज बंद पडू शकतो, घाबरू नको, साऊंडकार्ड रीपरने एकट्याने घेतलेलं असतं.

तिथेच बफर आहे. बफर म्हणजे कॉम्प्युटर किती सॅम्पल एकदम तयार करून पुढे पाठवतो तो घास. सॅम्पल रेट ४४१०० असताना १२८ चा बफर म्हणजे साधारण २.९ मिलिसेकंद, २५६ म्हणजे ५.८, ५१२ म्हणजे ११.६ आणि १०२४ म्हणजे २३. ड्रायव्हरचा स्वतःचा थोडा वेळ वर लागतोच. हे आकडे हाताला कसे लागतात ते सांगतो, आवाज हवेतून एका मिलिसेकंदात साधारण ३४ सेंटीमीटर जातो, म्हणजे ६ मिलिसेकंदांचा उशीर म्हणजे स्पीकर तुझ्यापासून दोन मीटरवर ठेवल्यासारखं, ते कोणालाही खटकत नाही, पण २३ म्हणजे स्पीकर मांडवाच्या दुसऱ्या टोकाला आणि तू इकडे, तिथे लय हातातून सुटते. घास लहान ठेवला की उशीर कमी, पण कॉम्प्युटरला घाई होते आणि एखादा घास वेळेत तयार नाही झाला की ती चरचर. म्हणून वाजवून रेकॉर्ड करताना १२८ किंवा २५६, आणि नंतर मिक्स करताना १०२४, कारण तेव्हा उशिराने काही बिघडत नाही.

२५६ वरही चरचरलं तर आधी लॅपटॉपला चार्जर लाव आणि विंडोजचा पॉवर मोड हाय परफॉर्मन्सवर टाक, बॅटरी वाचवायच्या नादात प्रोसेसर झोपाळतो. मग सिंथमध्ये बघ. पॅडच्या पॅचमध्ये युनिसन असतं, म्हणजे एकाच सुराच्या किंचित बेसूर केलेल्या कितीतरी प्रती एकदम वाजतात. व्हायटलमध्ये एका ऑसिलेटरला (मूळ सूर काढणाऱ्या भागाला) १६ पर्यंत जातात. दोन ऑसिलेटर, प्रत्येकी १६, आणि तू चार सुरांचा कॉर्ड धरलास की १२८ आवाज एकदम, वर पॅडचा रिलीज (पट्टी सोडल्यावर आवाज विरायचा वेळ) लांब म्हणजे आधीचा कॉर्ड अजून विरलेला नसतो. युनिसन ४ किंवा ५ वर आण, व्हॉइसेस (एकदम वाजणाऱ्या सुरांची मर्यादा) ८ ठेव, ओव्हरसॅम्पलिंग (आवाज जास्त बारकाईने मोजणं) वाजवताना कमी ठेव. ऐकणाऱ्याला फरक कळत नाही, प्रोसेसर मात्र निम्म्यावर येतो.

आणि एक छुपी गोष्ट, मास्टरवर भारी लिमिटर (आवाज ठरल्या पातळीवर रोखणारा) किंवा लिनिअर फेज ईक्यू (सूक्ष्म टोन कंट्रोल) टाकून ठेवलेला असेल तर बफर ६४ केला तरी उशीर जाणार नाही, कारण ते प्लगिन पुढचं बघण्यासाठी आवाज मुद्दाम अडवून ठेवतात. वाजवताना मास्टर रिकामा ठेव.

इथवर सिंथ वाजला. बहुतेक व्हिडिओ इथे संपतात आणि मला तिथेच वाईट वाटतं, कारण हे सगळे सिंथ ज्या कारखान्याच्या सेटिंगवर येतात ती आपल्या गाण्यासाठी नाहीत. अभंगाला खरं लागणारं सेटअप पुढे आहे.

पहिलं पिच बेंड, म्हणजे कीबोर्डच्या बाजूचं सूर वर-खाली ओढणारं चाक. बहुतेक सिंथमध्ये बेंड दोन सेमीटोनवर असतो, म्हणजे चाक पूर्ण वर नेलं तर सा वरून फक्त रे पर्यंत. आपल्याला मींड हवी. व्हायटलमध्ये व्हॉइसेसच्या शेजारीच बेंड आहे, डेक्स्डमध्ये पार्म बटणाच्या आत. मी पाचवर ठेवतो, मग सा वरून शुद्ध मध्यमापर्यंत एका ओढीत जाता येतं. बारावर ठेवणारे बघितलेत, पण त्या छोट्या चाकावर आख्खं सप्तक बसवलं की केसभर हललं तरी सूर घसरतो. मिडीत बेंडच्या १६३८४ पायऱ्या असतात, त्या कमी पडत नाहीत, कमी पडतं ते चाकाचं अंतर.

दुसरं, बासरीच्या लीडसाठी व्हॉइसेस एक कर, लेगाटो (सूर न तोडता जोडणं) चालू, आणि ग्लाइड (एका सुरावरून दुसऱ्यावर सरकायचा वेळ) ६० ते १०० मिलिसेकंद. आता पहिली पट्टी न सोडता दुसरी दाबलीस की सूर सरकत जाईल आणि सोडून दाबलीस तर नवीन फुंकर. हे हातात बसायला आठवडा लागतो. आवाज म्हणून साईन किंवा ट्रँगल वेव्ह घे, त्यात अगदी थोडा नॉइज, आणि मॉड व्हीलला (बेंडच्या शेजारचं दुसरं चाक) फिल्टर कटऑफ (आवाजाचा उजळपणा) आणि व्हायब्रेटो (सुराचा कंप) दोन्ही जोड. व्हायब्रेटो कायमचा चालू ठेवू नको, बासरीवाला सूर लावून मग तो हलवतो.

तिसरं ट्यूनिंग, आणि हे सर्जमुळे फुकटात जमतंय याचं मला अजून अप्रूप आहे. कीबोर्डचे बारा सूर समान अंतराचे, प्रत्येक १०० सेंटचा. त्यात शुद्ध गंधार ४०० सेंटवर येतो, पण तंबोऱ्यातून ऐकू येणारा गंधार ५/४ या प्रमाणाचा, म्हणजे ३८६ सेंट. चौदा सेंटचा फरक. पटकन वाजवताना जाणवत नाही, पण तंबोऱ्यावर पॅड लांब धरलास की तो गंधार टोचतो. धैवतही तसाच, ९०० ऐवजी ५/३ म्हणजे ८८४. सर्जच्या मेनूत ट्यूनिंग आहे, त्यात एससीएल, म्हणजे सुरांच्या अंतरांची यादी असलेली फाईल उघडते, ती साधी नोटपॅडमध्ये लिहिता येते. पहिल्या ओळीत नाव, दुसऱ्या ओळीत १२, मग खाली एकेका ओळीवर १६/१५, ९/८, ६/५, ५/४, ४/३, ४५/३२, ३/२, ८/५, ५/३, ९/५, १५/८ आणि २/१. आकडे इंग्रजीत टाइप कर. हा काही अंतिम शब्द नाही, राग बदलला की कोमल निषाद १६/९ हवासा वाटेल, कानाने ठरव.

यात एक फसगत आहे. ही फाईल सा म्हणून पांढरी एक धरते. तुमचे बुवा काळी चारमध्ये गात असतील आणि तू कीबोर्डवर काळी चारला सा धरून वाजवलंस तर सगळी प्रमाणं चुकीच्या सुरांवर पडतील. म्हणून बोटं पांढरी एकवरच ठेव आणि सर्जमध्ये सीनचा (म्हणजे त्या आख्ख्या आवाजाचा) पिच चार सेमीटोन खाली आण, आणि एक सप्तक वर हवं असेल तर ऑक्टेव्ह एकने वाढव. सगळं सप्तक प्रमाणासकट सरकतं.

पण, आणि हा पण महत्त्वाचा, अभंगात पेटी असेल तर ही फाईल लावू नको. आजकालच्या बहुतेक पेट्या समान अंतरातच लावलेल्या असतात आणि रेकॉर्डिंगच्या दिवशी पेटीचे सूर काही कोणी घासत बसत नाही. दोन वेगळे गंधार एकदम वाजले तर एकट्या चुकीच्या गंधारापेक्षा वाईट ऐकू येतं. उलट फोनवरच्या ट्यूनरने पेटीचा सा मोज, तो बरोब्बर ४४० हर्ट्झच्या (ट्यूनर ज्याला प्रमाण धरतो त्या) हिशेबात क्वचितच असतो, आठ-दहा सेंट इकडे तिकडे असतो, तेवढेच सेंट सिंथ हलव. एवढ्या एका गोष्टीने पॅड गाण्यात मिसळतो, नाहीतर तो वेगळा तरंगत राहतो आणि आपण उगाच रिव्हर्ब वाढवत बसतो.

शेवटचं जपून ठेवण्याबद्दल. माझं एक आख्खं भक्तिगीतांचं काम होतं, आठ गाणी, सगळे सिंथ मिडीत ठेवलेले. दोन वर्षांनी लॅपटॉप बदलला, त्यांनी एका गाण्याचं मिक्स परत मागितलं, प्रोजेक्ट उघडला तर त्यातला मुख्य सिंथ नवीन मशीनवर चालेना, तो बनवणाराच थांबला होता. सूर होते, आवाज नव्हता. तो पॅड मी तीन दिवस बसून कानाने परत बनवला आणि तरी तो तसा झाला नाही, अजूनही ते गाणं ऐकलं की मला तो दुसरा पॅडच ऐकू येतो. तेव्हापासून गाणं संपलं की प्रत्येक सिंथचा ट्रॅक ऑडिओत रेंडर करून वेव्ह फाईल प्रोजेक्टच्याच फोल्डरमध्ये ठेवतो, आणि मिडीचा ट्रॅक म्यूट करून खाली तसाच ठेवतो. काम चालू असतानाही ट्रॅक जड झाला की रीपरमध्ये त्याला फ्रीझ (तात्पुरतं ऑडिओत बदलून प्रोसेसर मोकळा) करता येतं, ८ जीबीच्या मशीनवर हे लागणारच आहे. आणि आता पॅड, लीड, बेंड, ग्लाइड सगळं मनासारखं लागलं की तो ट्रॅक टेम्प्लेट म्हणून सेव्ह कर, पुढच्या अभंगाला हे सगळं परत करायचं नाही.

आज एवढंच कर : हेडफोन वायरचा, कॅश क्लिअर करून स्कॅन, एएसआयओ २५६ वर. आणि रीपरच्या वर उजव्या कोपऱ्यात मिलिसेकंदांचे आकडे दिसतात ते मला कळव, सोबत बुवांची पट्टी पण सांग, मग पॅडच्या आवाजावर बोलू.